चांदी कोणाबरोबर गेली

अमृतने बटण दाबलं ते फक्त सुरुवातीचं संगीत नीट वाजतंय का, एवढंच बघायला. पडद्यावर निळा समुद्र यायला हवा होता, समुद्रात एक होडी आणि होडीत घोरत पडलेला हिरो. त्याऐवजी जळालेल्या राजवाड्याचं अंगण आलं. अंगणात तोच हिरो, हातात मोडकी तलवार, आणि त्याच्यासमोर पांढऱ्या केसांची चांदी. आजूबाजूला सगळे शत्रू आडवे पडलेले. 

हा शेवट होता. ज्या गेमचा शेवट बघायचा म्हणून तो निम्म्याहून जास्त आयुष्य थांबला होता, तो शेवट भर दुपारी, जेवण झाल्यावर, तो गंजी आणि लुंगीवर बसलेला असताना न बोलावता दारात येऊन उभा राहिला होता. आणि हा शेवट एकट्याने बघायचा नाही, अशी अमृतने गावदेवीच्या दगडावर हात ठेवून आण घेतली होती.

त्याने बंद करायला घाईघाईने माउस ओढला. माउस हातातून सुटला आणि खाली बसून वालाच्या शेंगा सोलणाऱ्या आईच्या टोपलीत पडला. रखमीआईने तो उचलला, पदराला पुसला आणि मांडीखाली ठेवून दिला.

"आये, दे तो इकडं. बंद करायचाय."

"थांब जरा. पोरगी रडते बघ."

"म्हणूनच बंद करायचाय."

"रडणाऱ्या पोरीला असं मध्येच सोडून जातात काय?" आई म्हणाली. एव्हाना अमृतची बायको दक्षाही हात पुसत स्वयंपाकघरातून बाहेर आली होती.

तिघं बघत राहिली. चांदीने गळ्यातली माळ काढली, हिरोच्या तळहातावर ठेवली आणि पाठ फिरवली. फाटकातून एक खटारा आला. खटारा हाकत होता तो दाढीवाला खानावळवाला, गेमच्या दुसऱ्या सीडीत ज्याने हिरोला आणि चांदीला फुकट रस्सा वाढला होता तोच. चांदी खटाऱ्यात चढली. खटारा गेला. हिरो तसाच उभा राहिला. मग पडदा काळा झाला आणि खालून वर जपानी नावं सरकायला लागली. अमृतने उठून भिंतीवरचं बटणच बंद केलं.

"गेली?" दक्षाने विचारलं.

"गेली."

"त्या दाढीवाल्याबरोबर?"

"हो."

"मग ह्याने एवढा वेळ तलवार चालवली ती कशाला ने?" दक्षाचं माहेर गुजरातेत, उंबरगाव बाजूचं, त्यामुळे तिच्या बोलण्यात गुजराती 'ने' आपोआप येतो.

खरं सांगायचं तर ती अमृतची काळजीच नव्हती. त्याची काळजी सुरतेहून शनिवारी येणार होती. तिचं नाव सुकऱ्या.

अमृत आणि सुकऱ्या वेवजीच्या एकाच पाड्यातले, एकाच बाकावरचे. दोघं दहावीला होते तेव्हा तलासरी नाक्यावर तुक्याचं व्हिडिओ गेमचं दुकान होतं. दुकान म्हणजे पत्र्याची खोली, दोन टीव्ही आणि एक पंखा, तोही तुक्याच्या दिशेने. तिथे हा गेम होता. चार सीड्यांचा. एक संपली की पडदा काळा व्हायचा, त्यावर गोल सीडीचं चित्र आणि खाली आकडा यायचा. मग तुक्याला हाक मारायची आणि तुक्याने पुढची सीडी घालायची.

गेम होता जपानी भाषेत. अक्षर कळेल तर शपथ. तेव्हा गोष्ट दोघांनी आपल्या हिशेबाने रचून घेतली. पांढऱ्या केसांच्या मुलीचं नाव त्यांनीच चांदी ठेवलं. तिचा राजवाडा कोणी का जाळला, हिरो कोणाचा कोण, हे सगळं वेवजी ते तलासरी पायी येता-जाता ठरलेलं. सुकऱ्याचं म्हणणं, चांदी शेवटी हिरोशी लग्न करणार. अमृतचं म्हणणं, चांदी मरणार, कारण अशा गोष्टीत चांगल्या पोरी मरतात. यावरून दोघं एकदा दोन आठवडे बोलत नव्हते.

तिसरी सीडी संपत आली, शेवटच्या राक्षसाच्या दारापाशी जाऊन दोघांनी खेळ जपून ठेवला, आणि दहावीचा निकाल लागला. निकाल असा लागला की नाक्यावरचे चार-पाच बाप काठ्या घेऊन तुक्याच्या दुकानात शिरले. तुक्या मागच्या दाराने निसटला आणि आठवड्याभरात दुकान मोडून गेला. जाताना टीव्ही विकले, पण चारही सीड्या आणि त्यांचा जपून ठेवलेला खेळ असलेलं कार्ड या दोघांना देऊन गेला. पंखा मात्र घेऊन गेला.

पुढे सुकऱ्या कापडाच्या गिरणीत लागला, सुरतेला. निघायच्या दिवशी दोघं गावदेवीपाशी गेले. चौथी सीडी दोघांनी मिळूनच बघायची, एकट्याने कोणी शेवट बघायचा नाही, कोणाला विचारायचा नाही, कोणी सांगायला लागला तर कान बंद करायचे. दगडावर हात ठेवून तसं बोलले. पोरवयातली गोष्ट म्हणून दुसऱ्या कोणी सोडून दिली असती. पण देवीच्या दगडावर बोललेलं सोडून द्यायची या पाड्यात पद्धत नाही. दरवर्षी होळीला सुकऱ्याचा फोन यायचा. पोरंबाळं, पाऊसपाणी, सगळं झाल्यावर हलक्या आवाजात एकच प्रश्न असायचा.

"शेवट बघितलास नाय ना?"

"देवीची आण."

"मी पण नाय," सुकऱ्या म्हणायचा आणि फोन ठेवायचा.

अमृतचं आता त्याच नाक्यावर मोबाइल दुरुस्तीचं आणि झेरॉक्सचं दुकान आहे. जुने गेम कॉम्प्युटरवर चालतात हे त्याला एका गिऱ्हाइकाकडून कळलं. एम्युलेटर नावाचा प्रोग्राम असतो, तो कॉम्प्युटरला जुन्या गेमच्या डब्याचं सोंग घ्यायला लावतो. अमृतने सुकऱ्याला फोन केला. तीन वर्षं गावाकडे न फिरकलेल्या सुकऱ्याने मुकादमाच्या हातापाया पडून रजा काढली. अमृतने दुकानातला कॉम्प्युटर घरी आणला, म्हणजे दुकान बंद ठेवलं. सीडी आणि ते जुनं कार्ड वाचायची यंत्रं हल्ली कोणाकडे नसतात, ती डहाणूच्या एका ओळखीच्या दुकानातून मागून आणली.

सीड्या कॉम्प्युटरवर उतरल्या, पण त्या चार वेगवेगळ्या गेमसारख्या दिसायला लागल्या. असं ठेवलं तर तिसरी संपल्यावर चौथी मागितली जाणार आणि यंत्र म्हणणार, कोण चौथी, मी ओळखत नाही. मांजर मांडीवर घेऊन भराभर बोलणाऱ्या एका परदेशी पोराचा व्हिडिओ बघून त्याला उपाय कळला. चारही सीड्यांची नावं ओळीने एका फाइलीत लिहायची आणि ती फाइल चालवायची, की चारांचा एक गेम होतो. सीडी बदलायची वेळ आली की मेनूत जाऊन आपण पुढची निवडायची, बस.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. पुढचं मात्र आईमुळे झालं. सीड्यांवर तुक्याने काढलेल्या आकड्यांचे नुसते डाग राहिले होते. ते आई उजेडात धरून वाचत होती आणि एकेक सीडी हातात देत होती.

"हा घे. लाभ."

"आये, एक म्हण."

"पहिल्याला एक म्हणतात काय? इतकी वर्षं धान मोजतंस माझ्यासोबत. लाभ, दोन, तीन, चार."

आता धान मोजताना पहिल्या मापाला कोणी 'एक' म्हणत नाही हे अमृतलाही ठाऊक होतं. 'एक' म्हटलं की बरकत जाते, म्हणून 'लाभ' म्हणायचं. शुभ कामाला खोट नको म्हणून त्याने पहिल्या सीडीचं नाव 'लाभ' असं टाइप केलं. पुढे दोन, तीन, चार. मग सगळी नावं एकदम निवडून फाइलीत टाकली. कॉम्प्युटरने कधी धान मोजलेलं नाही. त्याने नावं अक्षरांच्या क्रमाने लावली. च आधी, मग त, मग द, आणि ल बिचारा शेवटी. म्हणजे चार पहिली आणि लाभ चौथी. आणि चौथ्या सीडीवर खेळायला काहीच नव्हतं, नुसता शेवटचा सिनेमा होता. बटण दाबताच तो सुरू झाला.

तर असं झालं. अमृत डोकं धरून बसला.

"आता सुकऱ्याला काय सांगू? तो रजा काढून येतोय, खास एवढ्यासाठी."

"काही सांगू नका," दक्षा म्हणाली. "त्याच्याबरोबर परत बघा. पहिल्यांदा बघितल्यासारखं करा. तोंड उघडं ठेवायचं, बस ने. त्यात काय?"

"आणि देवी?" आई म्हणाली.

आईने शेंगा सोलता सोलता आपला निकाल दिला. "मी आपणहून बोलणार नाय. पण सुकऱ्याने मला विचारलान तर खोटं बोलणार नाय. माझं वय झालं."

अमृतला वाटलं, चला, निदान एवढं तरी. सुकऱ्या आईला गेमबद्दल कशाला विचारेल? मात्र आई आपणहून बोलणार नव्हती ती फक्त सुकऱ्याशी, हे त्याच्या लक्षात आलं नाही. संध्याकाळी पाणी भरायला गेलेल्या आईला रूपी भेटली. रूपी म्हणजे शेजारीण. तिने विचारलं, तोंड का उतरलंय. आईने सांगितलं, काय सांगू बाय, पोर नक्षत्रासारखी, चांदी नाव, एवढा चांगला मुलगा तिच्यासाठी मरमर मेला, आणि ती त्या दाढीवाल्या खानावळवाल्याच्या गाडीत बसून गेली. वळूनसुद्धा बघितलं नाय. अमृतने स्वतःच्या डोळ्यांनी बघितलंय.

दुसऱ्या दिवशी सकाळी अमृत आरशासमोर तोंड उघडून बसला होता आणि दक्षा त्याला शिकवत होती.

"एवढं नका उघडू. दाढ दाखवताय काय?"

"मग कसं?"

"आधी भुवया वर. मग तोंड. मग हळूच कपाळावर हात. आणि म्हणायचं, अरे, ही तर दाढीवाल्याबरोबर चालली."

"अरे, ही तर दाढीवाल्याबरोबर चालली."

"नाय. बातम्या वाचल्यासारखं वाटतं. धक्का बसल्यासारखं म्हणा."

तेवढ्यात दारात मोटरसायकल थांबली. गावचे पोलीस पाटील लाहूकाका आत आले. खुर्चीवर बसले, टोपी काढून गुडघ्यावर ठेवली आणि दार लोटून घ्या म्हणाले. अमृतला धक्का बसला. तो इतका नीट बसला की दक्षाने मनातल्या मनात मान डोलावली.

"अमृत, हे बघ, घाबरू नको," लाहूकाका म्हणाले. "जे बघितलंस ते सांग. पोर सज्ञान होती का?"

"कोण पोर?"

"चांदी. हायवेच्या खानावळवाल्याबरोबर पळाली ती. काल रात्रीपासून पाड्यात दुसरा विषय नाय. कोणाची पोर ते कळत नाय. मी घरटी पोरी मोजून आलो, सगळ्या जाग्यावर हायत. म्हणजे बाहेरून आलेली असणार. तू तिला गाडीत बसताना बघितलंस म्हणतात."

अमृत खाली बसला. आईकडे बघितलं. आई भिंतीकडे बघत होती.

"काका, ती खरी नाय. कॉम्प्युटरमधली हाय. गेम हाय तो."

लाहूकाकांनी कॉम्प्युटरकडे बघितलं. "आणि खानावळवाला?"

"तो पण."

"अरे, मी काल हायवेवरच्या दाढीवाल्या खानावळवाल्याला चौकीपर्यंत नेऊन आणलं. तो बिचारा म्हणतो, माझं लग्न झालंय, मला दोन नातवंडं हायत. मी त्याला म्हटलं, या वयात शोभतं का तुला?" काकांनी टोपी डोक्यावर ठेवली, परत काढली. "आता त्याला काय सांगू?"

"चूक झाली म्हणा."

"पोलीस पाटलाने?"

ते जायला उठले तेव्हा अमृतने त्यांचे हात धरले. "काका, एक करा. हे सुकऱ्याच्या कानावर जाऊ देऊ नका. चांदी कोणाबरोबर गेली ते त्याला कळता कामा नये."

लाहूकाकांच्या चेहऱ्यावर पुन्हा संशय आला. "त्याचा काय संबंध? त्याचं तिच्याशी काय होतं?"

अमृतने सगळं पहिल्यापासून सांगितलं. आण ऐकल्यावर मात्र काका गंभीर झाले. देवीचं प्रकरण पोलीस पाटलाच्या हद्दीत येत नाही, असं म्हणून त्यांनी मोटरसायकल सुरू केली. पण नाक्यावर उभं राहून सुकऱ्याला कोणी भेटण्याआधी आपण गाठायचं आणि थेट घरी पोचवायचं, एवढं कबूल केलं. दिवसभर अमृत घरोघरी फिरून चांदी कोणी नाही, चांदी नाहीच, असं सांगत होता. लोक ऐकून घेत आणि एकमेकांकडे बघत. अमृतनेच तिला लपवली असणार, असं दोन घरांनी नक्की धरलं.

फाइल त्याने हाताने सुधारली होती. लाभ, दोन, तीन, चार. आता यंत्र शहाण्यासारखं वागत होतं. शहाणपणा फक्त माणसांकडे उरला नव्हता.

शनिवारी सुकऱ्या आला. लाहूकाकांच्या मागे बसून आला, हातात सुरतेच्या घारी मिठाईचा पुडा. जाड झाला होता, केस विरळ झाले होते, पण दारातून आत शिरताना अजूनही वाकत होता, जसा पूर्वी तुक्याच्या खोलीत शिरताना वाकायचा. अमृतला बघून त्याचे डोळे भरून आले. अमृतचेही आले, पण त्याला वाटलं, आपण आत्ताच सगळं वापरून टाकलं तर पुढे काय करणार.

"काका वाटेत एक शब्द बोलले नाय," सुकऱ्या म्हणाला. "तोंडावर हात ठेवून गाडी चालवत होते. बरं नाय काय त्यांना?"

"दात दुखतात," अमृत म्हणाला.

चहा झाला. सुकऱ्याने रखमीआईचे पाय धरले. "कशी हायस मावशी? काय नवीन?" आईने तोंड उघडलं, दक्षाने त्यात घारी घातली.

दोघं कॉम्प्युटरसमोर बसले. अमृतने तिसरी सीडी निवडली, जुन्या कार्डावरून उतरवलेला खेळ उघडला. तोच दरवाजा, तोच राक्षस, तीच दारासमोरची मशाल. दोघांच्याही अंगावर काटा आला. आणि तो खरा होता. हाताला जुनी बटणं आठवत होती. सुकऱ्या ओरडायचा, "आता उडी, आता उडी," आणि अमृत उडी मारायचा. मध्येच एकाने औषध प्यायचं आणि दुसऱ्याने शिव्या द्यायच्या, हेसुद्धा जसंच्या तसं. तेवढा वेळ अमृत आण विसरला, देवी विसरली गेली, दाढीवाला विसरला गेला. शेवटचा घाव बसला आणि राक्षस कोसळला, तेव्हा दोघं उभे राहिले होते.

मग पडदा काळा झाला.

अमृत सावरून बसला. आता सिनेमा येणार. आता आपल्याला धक्का बसायला हवा, आणि नेमक्या वेळी. आधी बसला तर पकडले जाऊ, उशिरा बसला तर दगड वाटू. चांदी माळ काढेल तेव्हा भुवया, खटारा येईल तेव्हा तोंड. त्याने ठरवलं, पडद्याकडे बघायचंच नाही. सुकऱ्याकडे बघायचं. त्याला धक्का बसला की आपल्याला बसवायचा. म्हणून तो डोळ्याच्या कोपऱ्यातून सुकऱ्याकडे बघायला लागला.

सुकऱ्याही डोळ्याच्या कोपऱ्यातून त्याच्याकडेच बघत होता. अमृतला ते विचित्र वाटलं, पण विचार करायला वेळ नव्हता, कारण सुकऱ्याच्या भुवया वर गेल्या. म्हणजे माळ काढली. अमृतने भुवया वर नेल्या. ते बघून सुकऱ्याचं तोंड उघडलं. म्हणजे खटारा आला. अमृतने तोंड उघडलं, कपाळावर हात मारला आणि म्हणाला, "अरे, ही तर दाढीवाल्याबरोबर चालली."

त्याच क्षणी सुकऱ्या दोन्ही हात डोक्यावर ठेवून म्हणाला, "खटाऱ्यात बसली रे अमृत, खानावळवाल्याच्या खटाऱ्यात बसली."

मग दाराशी उभी असलेली दक्षा म्हणाली, "कोण बसली? ती तर सीडी मागते आहे."

दोघांनी पडद्याकडे बघितलं. पडदा काळा होता. त्यावर गोल सीडीचं चित्र होतं आणि खाली चार हा आकडा. मेनूत जाऊन चौथी सीडी निवडायची असते, ती धक्क्याच्या तयारीत अमृतची निवडायची राहून गेली होती. सिनेमा सुरूच झाला नव्हता.

अमृतने हळूहळू कपाळावरचा हात खाली घेतला. सुकऱ्याने डोक्यावरचे घेतले.

"तू कधी बघितलास?" सुकऱ्याने विचारलं.

"परवा. आयेने लाभ म्हटलं म्हणून." आणि मग त्याच्या लक्षात आलं. "तू कधी?"

सुकऱ्या जमिनीकडे बघत राहिला. "सुरतेला गेलो त्याच्या पुढच्या वर्षी. खोलीवरच्या एका पोराकडे होता. तो बघत होता, मी जेवत होतो. चांदी दिसली. उठायला पाहिजे होतं. नाय उठलो. नावं यायला लागली तेव्हा मात्र ताट टाकून बाहेर गेलो."

अमृत मनात वर्षं मोजायला लागला. लग्नाआधी. पोरं व्हायच्या आधी. म्हणजे इतक्या होळ्या गेल्या, आणि दर होळीला हा माणूस फोन करून... त्याचा आवाज चढला. "आणि मला दरवर्षी विचारायचास? शेवट बघितलास नाय ना? वर म्हणायचास, मी पण नाय? अरे, मी परवापासून जेवलो नाय धड. गावात तोंड दाखवायला जागा नाय. एका म्हाताऱ्या खानावळवाल्याला चौकीवर नेलं माझ्यामुळं. आणि तू, लेका, तू घारी घेऊन येतोस?"

सुकऱ्याने ऐकून घेतलं. "म्हणूनच विचारायचो," तो म्हणाला. "एकदा तरी म्हणशील, बघितला. मग मी पण सांगितलं असतं. पण तू कसला हरिश्चंद्र. दरवर्षी देवीची आण. दरवर्षी मला वाटायचं, ह्याने नाय मोडली, मीच मोडली."

अमृतचा राग होता तिथेच होता, पण त्या रागाच्या शेजारी आता सुकऱ्याही येऊन बसला होता, आणि मनात दोघांना मिळून जागा पुरत होती. रखमीआईने घारीचा शेवटचा घास गिळला.

"झालं काय तुमचं? मग लावा ती चौथी. मला पोरीला परत बघायचंय."

अमृतने मेनू उघडला आणि चार निवडली. जळालेलं अंगण आलं. कोणी भुवया वर केल्या नाहीत. माळ हातात आली, खटारा आला, चांदी चढली, खटारा गेला. सुकऱ्याने नाक पुसलं. अमृतनेही पुसलं. आपण हे दोघांनी मिळून बघायचं म्हणालो होतो, असं अमृतच्या मनात आलं, आणि बघितलंही. पण मोडलेल्या आणेची काही भरपाई होत नाही हे त्याला ठाऊक होतं. नावं वर सरकायला लागली तसा तो सवयीने उठला आणि बटणाकडे गेला.

"राहू दे," आई म्हणाली. "एवढ्या माणसांनी केलंय. नावं तरी पुरी होऊ दे त्यांची."

नावं पुष्कळ होती. दक्षा भात टाकून आली. सुकऱ्याने सुरतेच्या भाड्याच्या खोलीचं सांगितलं, अमृतने दुकानाचं सांगितलं. शेवटचं नाव वर निघून गेलं आणि पडदा काळा झाला.

मग त्यावर गोल सीडीचं चित्र आलं. खाली आकडा होता पाच.

अमृतने मेनू उघडून बघितला. लाभ, दोन, तीन, चार. पुढे काही नव्हतं. त्याने मेनू बंद केला. पडदा तसाच पाच मागत होता.

"तुक्याने चारच दिल्या होत्या ना?" अमृतने विचारलं.

"त्याच्याकडे पण चारच असणार. त्याला तरी कुठं जपानी येत होतं."

सुकऱ्याने पडद्यावर बोट ठेवलं, आकड्यावर, जणू तो पुसला जातो का बघायला. "म्हणजे अमृत, शेवट आपण बघितलाच नाय. मी पण नाय. तू पण नाय."

"नाय."

सुकऱ्या खाली बसला आणि त्याला रडू फुटलं. या वेळी त्याने कोणाकडे बघितलं नाही. अमृत त्याच्या शेजारी बसला. आईने वालाची टोपली पुढे ओढली आणि ती म्हणाली, पाचवीत ती परत येणार, बघाल तुम्ही.

"सुरतेला जुन्या बाजारात सीड्या मिळतात," डोळे कोरडे झाल्यावर सुकऱ्या म्हणाला. "मी शोधतो. तू पण शोध."

"मिळाली तर तुझ्याशिवाय लावणार नाय," अमृत म्हणाला. "देवीची..."

सुकऱ्याने त्याच्या तोंडावर हात ठेवला. "आण नको घालू," तो म्हणाला. "बघितलीस तर नुसतं सांग."